खाडीच्या तोंडावर अडवलेला प्रहर

मालवणच्या आसपासची काही लिहिती आणि चित्रं काढणारी मंडळी मिळून एक कथामालिका रचत आहेत. तिच्यातल्या कल्पित खाडीकाठच्या गावाला काळ वळवायची चिन्हं येतात. योग्य दगडावर, योग्य घटकेला, योग्य वळणाने चिन्ह काढलं की त्या पाण्यापुरता काळ अडतो, भरतो किंवा पुढे सरकतो. या चिन्हांना मंडळींनी नाव दिलं आहे घटलेख. मालिकेतल्या तिसऱ्या कथेतल्या एका प्रसंगात ही पद्धत अडकली. कथा सुंदर होती, चित्रं त्याहून सुंदर होती, पण तो प्रसंग वाचून झाल्यावर पुढची एकही कथा उभी राहत नव्हती. नियम तपासायला त्यांनी मला बोलावलं. त्या एका प्रसंगाचं काय झालं, ते इथे सविस्तर लिहिते आहे.

माझं म्हणणं आधीच सांगते. काळाशी व्यवहार करणारी कुठलीही चिन्हपद्धती रचताना चिन्हांचे आकार, मंत्र, रंग हे सगळं नंतरचं. आधी एकच गोष्ट ठरवावी लागते: अडवलेला वेळ कोणाच्या वाट्यातून येतो आणि तो परत कसा जातो. हे ठरलं नाही तर चिन्ह नुसतं बटण होतं, दाबलं की काम झालं. समुद्रकाठच्या माणसाला हे वेगळं शिकवावं लागत नाही. भरतीचं पाणी कुठून तरी आलेलं असतं आणि ते परत जाणार असतं, हे तो रोज बघतो.

पद्धत हातात आली तेव्हा

घटलेखांचा पाया घटिकापात्र आहे. पाण्याने भरलेल्या घंगाळात तांब्याची वाटी तरंगत सोडायची. तिच्या बुडाला बारीक भोक. त्यातून पाणी चढत चढत वाटी बुडाली की एक घटका झाली, म्हणजे २४ मिनिटं. लग्नाचा मुहूर्त साधायला भटजी हेच पात्र वापरत. साठ पळांची एक घटका, दोन घटकांचा एक मुहूर्त, साडेसात घटकांचा एक प्रहर आणि साठ घटकांचं एक अहोरात्र. हे कोष्टक मंडळींनी जसंच्या तसं घेतलं, आणि ते योग्यच केलं. कारण ही मापं समुद्राला चपखल बसतात. एका भरतीपासून दुसऱ्या भरतीपर्यंत सुमारे १२ तास २५ मिनिटं जातात, म्हणजे जवळजवळ ३१ घटका. भरती रोज सुमारे ५० मिनिटांनी मागे पडते, म्हणजे दोन घटकांहून थोडी जास्त. किनाऱ्यावर पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला तिथीच्या पाऊणपटीचा हिशेबही हेच सांगतो. चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन, म्हणून भरती साधारण तीन वाजता. अष्टमीला सहा वाजता. पौर्णिमा-अमावास्येला दुपारी आणि मध्यरात्री बाराच्या आगेमागे. हा अंदाज आहे, बंदराप्रमाणे तो थोडा इकडेतिकडे होतो, पण तांडेलाला, म्हणजे होडीच्या म्होरक्याला, तेवढा पुरतो.

चिन्हाचं शरीर म्हणजे वाटीचा अर्धगोल. तो ओल्या जांभ्या दगडावर शिंपल्यांच्या चुन्याने, काथ्याच्या कुंचल्याने काढायचा. वाटीच्या काठावर उभ्या रेघा. काठावरच्या रेघा सांगतात की चिन्ह माध्यान्हानंतर कितव्या घटकेला सुटेल. ही कल्पना मला पहिल्यापासून फार आवडली. चिन्हाला ‘किती वेळ’ कळत नाही, त्याला फक्त ‘केव्हापर्यंत’ कळतं. मुहूर्ताच्या जगात वाढलेली चिन्हं अशीच विचार करणार. मर्यादाही एक होती: एकदा काढलेलं चिन्ह एका प्रहरापलीकडे टिकत नाही, त्याला तडा जातो.

चिन्हं पाच: भर, सुक, थोप, सर आणि पाठ. पाठ म्हणजे काळ मागे वळवणारं. ते गावाने पुरून टाकलं आहे आणि मालिकेत ते कोणी काढायचं नाही, असं मंडळींनी सुरुवातीलाच ठरवलं होतं. उरलेल्या चारांपैकी हे प्रकरण थोप या एकाच चिन्हाचं आहे. थोप म्हणजे अडवणं.

प्रसंग

श्रावण वद्य चतुर्थी. १ जून ते ३१ जुलै ही मासेमारीबंदी संपलेली, नारळी पौर्णिमेला दर्याला नारळ देऊन झालेला, होड्या बाहेर पडू लागलेल्या. एका होडीवर खलाशाचा हात दोरात सापडून फाटतो. इंजिन निम्म्या ताकदीने चालतं आहे, दुसऱ्या बंदराला जाण्याची सोय नाही. तांडेल फोन करून घरी सांगतो की साडेपाचपर्यंत खाडीच्या तोंडाशी पोचतो.

भरती तीनची. साडेपाचला ओहोटी लागून अडीच तास झालेले असणार. ज्याने देवबागच्या टोकाला उभं राहून कर्ली नदी समुद्राला मिळताना पाहिली आहे, त्याला पुढचं सांगायला नको. तिथल्या वाळूचे पट्टे जागा बदलत असतात. ओहोटीच्या तिसऱ्या-चौथ्या तासाला बाहेर जाणाऱ्या पाण्याची ओढ सर्वांत जोराची असते, पावसाळ्यात नदीचं पाणी तिला आणखी जोर देतं, आणि समोरून आत येणारी लाट त्या ओढीवर आपटून उभी राहते नि फुटते. मुंबईच्या मानाने मालवणकडे भरती-ओहोटीतली तफावत कमी, उधाणालाही साधारण दोन मीटरच्या आसपास. पण तोंडाशी पाणीच उथळ असेल तर अर्ध्या मीटरनेही होडी तळाला लागते. निम्म्या इंजिनाने तो पट्टा ओलांडणं म्हणजे होडी गमावणं. पुढची भरती पहाटे साडेतीनच्या सुमाराला, आणि तोवर खलाशाचं रक्त थांबेल याचा भरवसा नाही.

तांडेलाची थोरली लेक आजीकडून चिन्हं शिकलेली. ती खडपावर, म्हणजे पाण्याकाठच्या खडकावर जाते, तीन वाजून सहा मिनिटांनी, पाणी पूर्ण भरून स्थिर झालेलं असताना, थोप काढते. सहा घटकांसाठी. पाणी अडतं, होडी आत येते, खलाशी वाचतो. सकाळी लेकीच्या केसांत एक पांढरी बट दिसते.

पहिल्या मसुद्यात प्रसंग इथे संपत होता.

अडलं कुठे

मंडळींपैकी एकजण स्वतः होडीवर जाणारा आहे. त्याने मसुदा वाचून विचारलं, मग ती रोज का नाही काढत? वर्षाला दोन-चार माणसं त्या तोंडावर जातात. एका पांढऱ्या बटेच्या बदल्यात माणूस वाचत असेल तर गावातल्या प्रत्येक बाईचे केस पांढरे असायला हवेत, आणि त्याबद्दल कोणी तक्रार करणार नाही.

या प्रश्नाला उत्तर नव्हतं. किंमत फक्त चिन्ह काढणाऱ्याने आपल्या अंगावर घ्यायची, ही जादूच्या गोष्टींतली सर्वांत सोपी सोय आहे. ती लेखकाला हळवा शेवट देते, पण पद्धतीला कसलंही बंधन घालत नाही. जीव द्यायला तयार असलेलं माणूस कुठल्याही गावात सापडतं. उलट, आपल्या निर्णयाची किंमत शेजाऱ्याला मोजावी लागणार हे कळल्यावर ज्याचा हात थांबतो, त्याच माणसाबद्दल कथा लिहिता येते.

दुसरी अडचण पहिलीपेक्षा खोल होती. मसुद्यात पाणी साडेपाचला सुटलं आणि सगळं पूर्ववत झालं, जणू कोणी बांध घातला आणि काढला. पण तसं असेल तर लेकीने पाणी अडवलं होतं, काळ नव्हे. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. पाणी अडवलं तर सुटताना ते बाहेरच्या पातळीला धावेल आणि थोड्या वेळात समुद्राशी बरोबरी करेल. काळ अडवला तर सुटल्यावर ते पाणी जिथे थांबलं होतं तिथूनच पुढे चालू लागेल. बाहेर समुद्राची ओहोटी अर्धी झालेली असेल, आणि खाडीची मात्र आत्ता कुठे सुरू होत असेल. एकाच तोंडाशी दोन वेगळ्या वेळांची पाणी एकमेकांना भिडलेली. घटलेख ही काळाची चिन्हं असतील तर हेच व्हायला हवं, आणि याचा पाठपुरावा कथेने करायला हवा.

वाटीचं भोक

चित्रकाराने थोपचं जे चित्र केलं होतं त्यात वाटी पूर्ण बंद होती. डौलदार वळण, वर रेघा, पण बुडाला भोक नाही. त्याच्या डोळ्याला भोकामुळे आकृती तुटलेली वाटत होती, आणि निव्वळ आकृती म्हणून ते खरंही होतं. पण घटिकापात्राचा सगळा जीव त्या भोकात असतो. भोक नसलेली वाटी वर्षभर तरंगत राहील, घटका काही भरणार नाही.

म्हणून भोक सक्तीचं केलं. आणि मग चर्चेत एक गोष्ट सुचली, जिच्याभोवती पुढे सगळी पद्धत नव्याने बांधली गेली: भोकाचं तोंड ज्या दिशेला, त्या दिशेकडून वेळ फेडला जाणार. समुद्राकडे भोक ठेवलं तर होड्या आणि मासळी फेडणार. जमिनीकडे ठेवलं तर खाडीकाठची शेतं आणि घरं. खाली, स्वतःच्या पायांकडे ठेवलं तर काढणाऱ्याचं घर. पण एका घराच्या वाट्याला जेमतेम पाऊण घटका असते, त्याहून मोठं थोप एकट्याच्या बळावर काढताच येत नाही. स्वतःवर ओढून घ्यायची वाट उघडी आहे, पण अरुंद. तिच्यातून होडी आत येत नाही.

आता लेकीपुढे खरा प्रश्न आहे. बाप समुद्रावर आहे. त्याच्या मागे-पुढे गावच्या आणखी होड्या आहेत. समुद्राकडे भोक ठेवणं तिला शक्य नाही. ती जमिनीकडे ठेवते. नव्या मसुद्यात हे एका ओळीत येतं, आणि आजी संध्याकाळी तिला पहिला प्रश्न विचारते तो हाच:

“बाय, भोक खंय काढलंस?”

“जमनीकडे, गे आजी. बाबा दर्यात आसत.”

“मगे जमीन फेडतली.”

आजी रागावत नाही, रडत नाही. तिला हिशेब माहीत आहे. मला या तीन ओळी पूर्ण कथेत सर्वांत जास्त आवडतात.

जमिनीने काय फेडलं

खाडीकाठच्या खार जमिनी बांधांनी राखलेल्या असतात. बांधात उघाडी असते. भरतीच्या दाबाने तिचं दार मिटतं आणि खारं पाणी शेतात शिरत नाही. ओहोटी लागली की दार उघडतं आणि शेतात साठलेलं पावसाचं पाणी खाडीत उतरतं. भरती-ओहोटीच्या तालावर चालणारी ही फार शहाणी रचना आहे. थोप लागलं की हा तालच मोडतो. दार मिटलेलं राहतं, पावसाचं पाणी शेतात चढत राहतं. इकडे चिन्हाने फक्त खारं पाणी अडवलं आहे, डोंगरावरून येणारं गोडं पाणी त्याच्या कक्षेत नाही. नदी येतच राहते आणि अडलेल्या खाऱ्या पाण्यावर चढते. बांधाला दोन्ही बाजूंनी भार.

सहा घटका म्हणजे २ तास २४ मिनिटं. बांध चांगला असेल तर तेवढं सोसेल, असं होडीवाल्याचं मत पडलं. पण चिन्ह सहा घटकांवर थांबलं नाही, आणि याचं कारण मंडळींतल्या निवृत्त शिक्षकांनी शोधलं.

आपली घड्याळं ८२.५ अंश पूर्व रेखांशावरची वेळ दाखवतात. मालवणचा रेखांश सुमारे ७३.५. नऊ अंशांचा फरक, अंशाला चार मिनिटं, म्हणजे ३६ मिनिटं. कोकणात सूर्य डोक्यावर येतो तेव्हा घड्याळात बहुतेक वर्षभर साडेबारा वाजून गेलेले असतात. भारतीय प्रमाणवेळ १९०६ पासून लागू असली तरी मुंबईने तिच्याहून ३९ मिनिटं मागे असलेली स्वतःची वेळ १९५५ पर्यंत चालवली होती, याला कारण हाच फरक. आता चिन्ह माध्यान्हापासून मोजतं, आणि माध्यान्ह सूर्याचं असतं. आजी ते अंगणातल्या तुळशीवृंदावनाच्या सावलीवरून ठरवायची. लेकीने फोनमध्ये बघितलं. बारापासून साडेपाचपर्यंत साडेपाच तास, म्हणजे पावणेचौदा घटका. तिने तेरा पूर्ण रेघा आणि एक पाऊण रेघ ओढली. हिशेब बिनचूक, पण सुरुवात चुकीच्या बारापासून. सूर्याच्या माध्यान्हापासून पावणेचौदा घटका म्हणजे घड्याळाचे सहा वाजून सहा मिनिटं.

आणि इथे आकडे असे जुळून आले की बैठकीत काही वेळ कोणीच बोललं नाही. तीन वाजून सहा मिनिटांपासून सहा वाजून सहा मिनिटांपर्यंत बरोबर तीन तास होतात. साडेसात घटका. एक पूर्ण प्रहर. चिन्हाची जी कमाल मर्यादा आधीच ठरली होती, तिच्या काठावर लेकीचं थोप नकळत जाऊन पोचलं होतं. ते सुटलं नाही, त्याला तडा गेला. ही गाठ आम्ही मारलेली नाही. नकाशावरचे नऊ अंश आणि जुनं कोष्टक यांनीच ती मारली. रचलेल्या पद्धतीच्या पोटातून असं काही निघतं तेव्हा ती खरी वाटायला लागते, आणि त्यासाठी केलेली सगळी मेहनत मला योग्य वाटते.

त्या जास्तीच्या ३६ मिनिटांत बांध एका जागी सुटतो. हळवं भात पोटरीला, म्हणजे कणीस बाहेर पडायच्या बेताला, आलेलं आहे. त्यात खारं पाणी जातं.

आकाशात चतुर्थी, खाडीत अष्टमी

बांध फुटणं हा दिसणारा परिणाम. काळाचा हिशेब अजून बाकी आहे.

खाडीची भरती तीन तासांनी पुढे गेली. तिनाची सहावर आली. पाऊणपटीच्या हिशेबाने सहाची भरती अष्टमीची असते. म्हणजे आकाशात संकष्टीचा चंद्र उगवायची लोक वाट बघत आहेत, आणि खाडीचं पाणी अष्टमी दाखवतं आहे. तीन तासांना पाऊण तासाने भागलं की चार. खाडी चार तिथी पुढे निघून गेली आहे, आणि या चार तिथी तिने जगलेल्या नाहीत. हेच उसनं.

फेड अशी ठरली: आकाश खाडीला गाठेपर्यंत खाडी अष्टमीवर थांबेल. पंचमीला भरती सहाची, षष्ठीला सहाची, सप्तमीलाही सहाची. गोकुळाष्टमीच्या दिवशी दोन्ही पुन्हा एका तिथीवर येतात आणि पाणी परत रोज मागे सरकायला लागतं. तोपर्यंत भोकाच्या दिशेला, म्हणजे खाडीकाठच्या जमिनीवर, जे आपोआप घडतं ते घडत नाही. हाताने केलेलं काम होतं. आपसूक होणारं होत नाही. चूल पेटते, दळण दळलं जातं, पण आंबोळीचं पीठ आंबत नाही. दुधाला विरजण लागत नाही. कोंबडीच्या अंड्यातलं पिल्लू वाढत नाही. भात पोटरीतून बाहेर येत नाही.

आणि जखम भरत नाही.

ज्या खलाशासाठी हे सगळं केलं, तो तांडेलाच्या घरी, खाडीकाठीच पडलेला आहे. डॉक्टरने टाके घातले, पट्टी बांधली, औषध दिलं. हे सगळं हातचं. पण मांस मांसाला धरत नाही. पंचमीला पट्टी सोडली तर जखम काल झाल्यासारखी. प्रसंगाचं हे टोक मला सापडलं तेव्हा मी मंडळींना सांगितलं की पांढरी बट आता काढून टाका. तिची गरज संपली आहे. लेकीने ज्याला वाचवलं त्याचं बरं होणंच तिच्या चिन्हाने अडवलेलं आहे, याहून जड किंमत तिच्या केसांवर दाखवता येणार नाही.

उपाय कथेतच होता. चिन्हाची हद्द खाऱ्या पाण्यावर जगणाऱ्या जमिनीपुरती. सडा, म्हणजे वरचं उघडं कातळाचं पठार, तिच्या बाहेर. अष्टमीची वाट न बघता गावातले चौघे खलाशाला खाटेवर घालून सड्यावरच्या एका मांगरात, म्हणजे शेतघरात, नेतात. तिथे दोन दिवसांत जखमेची कड लाल व्हायला, खाज सुटायला लागते. शेतं मात्र उचलून नेता येत नाहीत.

काय घ्यायचं नाही, हे ठरवताना

गाव सोडून तात्पुरतं बाहेर राहायचं म्हटलं की या भागातल्या कुणालाही आचऱ्याची गावपळण आठवेल. श्री रामेश्वराचा कौल घेऊन दर काही वर्षांनी अख्खं गाव, गुराढोरांसकट, तीन दिवस वेशीबाहेर जाऊन राहतं. मसुद्याच्या एका टप्प्यावर कुणीतरी सुचवलं की या प्रथेचं मूळ घटलेखांत आहे असं कथेत दाखवावं. मी त्याला स्पष्ट विरोध केला. ती जिवंत श्रद्धा आहे, ती पाळणारी माणसं आपली शेजारी आहेत, आणि त्यांच्या देवाच्या आज्ञेला आपल्या कल्पित चिन्हाची पुस्ती जोडायचा अधिकार आपल्याला नाही. गाव सोडण्याचा अनुभव कथेत येऊ शकतो. प्रथा आणि देवाचं नाव येणार नाही. मंडळींनी हे एकमताने मानलं.

कातळशिल्पांबद्दलही असाच प्रश्न होता, पण तो जास्त नाजूक निघाला. बारसू, कशेळी, रुंढे तळी, देवीहसोळ, देवाचे गोठणे, जांभरुण, उक्षी आणि सिंधुदुर्गातलं कुडोपी या सड्यांवरची खोदचित्रं २०२२ मध्ये युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली. कशेळीचा हत्ती सुमारे अठरा मीटर लांब आहे आणि त्याच्या पोटात इतर कितीतरी प्राण्यांच्या आकृत्या आहेत. जांभ्यावर रेघ काढायची गोष्ट लिहिताना ही चित्रं डोळ्यांसमोर येणारच. चित्रकाराला त्यांतली दोन-तीन वळणं थेट चिन्हांत वापरायची होती. माझं म्हणणं असं की त्या चित्रांचा अर्थ अभ्यासकांमध्ये अजून चर्चेचा आहे. आपण त्यांना ‘काळ थांबवायची चिन्हं’ म्हटलं तर एखादा मुलगा उद्या सड्यावर जाऊन तसंच सांगत सुटेल, कदाचित चुना घेऊनही जाईल. म्हणून आकृत्या घेतल्या नाहीत. दगड घेतला, उघडा सडा घेतला, आणि माणसाने जांभ्यावर रेघ ओढली की ती टिकते ही जाणीव घेतली. घटलेख चुन्याने काढायचे आणि ते पाण्याने पुसले जातात, हेही त्याच चर्चेतून पक्कं झालं. खोदलेलं घटलेख गावात निषिद्ध आहे.

नवा मसुदा

नवा प्रसंग जुन्यापेक्षा लांब झाला नाही. कोष्टकं, रेखांश, पाऊणपट यांतलं काहीही पानावर येत नाही, आणि येऊ नये. वाचकाला एवढंच दिसतं: साडेपाच वाजतात, होडी जेटीला लागते, लेक पाण्याकडे बघते आणि पाणी हललेलं नाही. ती फोन बघते, पुन्हा पाणी बघते. मग तिला तुळशीची सावली आठवते. ज्याला हिशेब करायचा आहे तो करू शकेल, आणि केला तर तो जुळेल. माझ्या मते काळाच्या जादूला हे पथ्य सर्वांत आवश्यक आहे, कारण वाचक घड्याळ घालून बसलेला असतो.

होडीवाल्याचा मूळ प्रश्न होता, ती रोज का नाही काढत. त्याचं उत्तर आता कथेत कुणाला तोंडाने द्यावं लागत नाही. पुढच्या कथेत दुसरी होडी तशीच अडकते, तेव्हा बांधाकाठचे शेतकरी खडपावर येऊन उभे राहतात. कोणी ओरडत नाही. लेकीच्या हातात कुंचला आहे आणि तिच्यासमोर गेल्या वर्षी मीठ फुटलेल्या जमिनीची माणसं आहेत. त्या प्रसंगाचे संवाद अजून लिहून व्हायचे आहेत. मी सुचवलं आहे की शेतकऱ्यांना चूक ठरवू नका आणि तांडेलांनाही नको. दोघांचीही पोटं त्याच खाडीवर आहेत.

दोन गोष्टी अजून ठरलेल्या नाहीत. एक, फेडीच्या चार तिथींत खाडीकाठी मूल जन्मलं तर त्याचं काय. जन्म आपोआप होणाऱ्यांत धरायचा की हातच्या कामांत? मंडळींतल्या सुईणीच्या नातीचं मत आहे की तो हातच्या कामांत धरावा, आणि मला ते पटतं, पण चित्रकार अजून तयार नाही. दुसरी गोष्ट जास्त अवघड: फेड चालू असताना त्याच खाडीवर कोणी दुसरं थोप काढलं आणि त्याचं भोक समुद्राकडे ठेवलं, तर जमीन आणि दर्या दोघेही एकाच पाण्याचे देणेकरी होतात. तेव्हा आधी कोणाचं फिटतं, यावर पुढची बैठक आहे.